साडेतीन ते आठ

रविवारी दुपारी साडेतीनला मी मांस कोरडं करायला घेतो. जेवण आठला. मधले साडेचार तास स्वयंपाकघर ओव्हनचं, बिडाच्या जड पातेल्याचं आणि माझं असतं. त्यातही माझे हात हलतात ते फार तर तास-सव्वा तास. बाकीचं काम ओव्हन करतो. हे मला उशिरा उमगलं, आणि उमगल्यापासून आमच्या घरच्या रविवारच्या जेवणाची घडीच बदलली.

पदार्थ साधा आहे. बीफ आणि बटाट्याचा कॅसरोल. खाली मंद आचेवर मऊसूत झालेलं मांस, त्याच्या अंगाबरोबरचा दाट रस, वर बटाट्याच्या पातळ चकत्यांचा थर आणि तो थर वरून खरपूस भाजलेला. कॅसरोल म्हटलं की आपल्यातल्या बहुतेकांच्या डोळ्यांसमोर अन्न गरम ठेवायचा झाकणाचा डबा येतो. शब्द मूळचा फ्रेंच, आणि तिथेही ते आधी भांड्याचंच नाव. त्या भांड्यात जे शिजायचं त्याला पुढे तेच नाव चिकटलं. तेव्हा डब्याला कॅसरोल म्हणण्यात आपलंही फारसं चुकत नाही.

हा पदार्थ मी शिकलो आईसाठी. तिला आवडतो म्हणून नाही, तोवर तिने तो चाखलाही नव्हता. कारण वेगळं होतं. माझ्या आणि ताईच्या सगळ्या लहानपणात आई आमच्या बरोबरीने जेवायला बसल्याचं मला आठवत नाही. ती उभी असायची. "तुम्ही बसा, मी गरम गरम वाढते." आम्ही जेवत असू, ती चुलीशी आणि पानांशी ये-जा करत असे, आणि आमचं आटपलं की उरलंसुरलं पुढ्यात घेऊन एकटी बसे. तेव्हा त्यात काही वावगं आहे असं वाटलंच नाही. पुढे माझं घर झालं तेव्हा मी आणि बायकोने पाळी लावून घेतली, एक दिवस ती उभी, एक दिवस मी. म्हणजे माणूस बदलला, उभं राहणं तसंच राहिलं. आणि आई आमच्याकडे राहायला आल्यावर तर पाळीही मोडली. आमच्या दोघांपैकी कुणी उठायच्या आत तीच उठायची. सत्तरी ओलांडलेली बाई, गुडघे दुखणारे, तरी उठायची. "आई, तू बस गं," असं म्हणून काही होत नव्हतं. सवय सांगून जात नाही.

मग माझ्या लक्षात आलं की तिला बसवायचं असेल तर उठायचं कारणच शिल्लक राहता कामा नये. एकामागून एक गरम काढून वाढावं लागेल असं काही नको. सगळं एका भांड्यात शिजावं, ते भांडं टेबलाच्या मधोमध ठेवावं, आणि सगळ्यांनी बसावं. शिजवणाऱ्यानेसुद्धा.

पहिला प्रयत्न पार फसला, आणि तो मी सविस्तर सांगणार आहे, कारण त्यातून मला या पदार्थातली सगळ्यात मोठी गोष्ट कळली. मी मांस, कांदा, बटाट्याचे तुकडे आणि टोमॅटोचा एक सबंध डबा असं सगळं एकदम पातेल्यात घातलं, झाकण लावलं आणि ओव्हनमध्ये ठेवलं. वास सुरेख सुटला होता. आठला पातेलं टेबलावर आणलं. मुलीने बटाट्यात काटा खुपसला तर तो आत शिरेना. दोन तास उलटून गेले होते आणि बटाटा कच्चट. परत आत ठेवलं. नऊला पाहिलं, तरी मध्यभागी कडक. मुलगा भुकेने चिडचिडा झाला होता, बायको म्हणाली की राहू दे आता, आणि मी वळून पाहिलं तर आई गॅसपाशी उभी राहून अंडी फोडत होती.

अंडी फोडता फोडता तिने एवढंच विचारलं, "आंबट आधी घातलंस ना? आंबटात बटाटा शिजत नाही रे."

ही गोष्ट तिने कुठे वाचली नव्हती. तिच्या हाताला माहीत होती. मागाहून मी त्याचं कारण शोधलं. भाजीच्या पेशी एकमेकींना धरून असतात त्या पेक्टिन नावाच्या पदार्थामुळे. उष्णतेने हे पेक्टिन विरघळतं, पेशी सुट्या होतात, आणि त्यालाच आपण शिजणं म्हणतो. पाणी आंबट असलं की पेक्टिन विरघळायला फार वेळ घेतं, काही वेळा तास न् तास दाद देत नाही. टोमॅटो, व्हिनेगर, वाइन, लिंबू, सगळ्यांचा हाच गुण. त्या दिवसापासून माझ्या पातेल्यात टोमॅटो जातो तो घट्ट पेस्टचा एक चमचा, तोही कांद्याबरोबर परतून, आणि व्हिनेगरचे चार थेंब लागलेच तर अगदी शेवटी, बटाट्याचं काम संपल्यावर.

आता मी जसं करतो तसं सांगतो. आम्ही पाच जण. एक किलो मांस, एक किलो बटाटे, तीन मोठे कांदे, दोन गाजरं, दोन टेबलस्पून मैदा, सहाशे मिलिलिटर गरम पाणी किंवा हाडांचं सूप.

मांस निवडताना लोक चुकतात ते चांगल्या हेतूने. महागातला, मऊ, चरबी नसलेला भाग आणतात, पाठीचा वगैरे. तो तव्यावर पाच मिनिटं भाजून खायचा भाग. तीन तास शिजवला तर त्याचा भुसा होतो. इथे हवा तो खांद्याचा, छातीचा किंवा नडगीचा भाग, जिथले स्नायू जनावराने रोज वापरले आहेत. अशा स्नायूंमध्ये पांढुरक्या चिवट पडद्यांचं जाळं असतं. ते कोलॅजेनचं. कच्चं असताना ते दाताला दाद देत नाही, पण पाण्याच्या सोबतीने सत्तर-ऐंशी अंश सेल्सिअसच्या वर बराच वेळ राहिलं की हळूहळू त्याचं जिलेटिन होतं. तेच जिलेटिन रसात उतरतं, रसाला अंग येतं, ओठांना किंचित चिकटपणा जाणवतो. खाटकाकडे मी खांदा मागतो आणि चार-चार सेंटिमीटरचे तुकडे घरी स्वतः करतो. तयार मिळणारे तुकडे लहान असतात आणि वेगवेगळ्या भागांतले एकत्र केलेले असतात. एक विरघळून जातो, दुसरा वातड राहतो.

तुकडे कागदी रुमालाने टिपून कोरडे करायचे. हे काम कंटाळवाणं आहे आणि मी ते कधीही टाळत नाही. ओल्या मांसाचं तापमान पृष्ठभागावरचं पाणी उडेपर्यंत शंभर अंशांच्या वर जात नाही, आणि खरपूसपणा येतो तो साधारण एकशे चाळीसच्या पुढे. प्रथिनांतली अमिनो आम्लं आणि साखर उष्णतेने एकमेकांशी जुळतात आणि शेकडो नवे वास तयार होतात. लुई कामिय माय्यार या फ्रेंच रसायनशास्त्रज्ञाने १९१२ मध्ये हे जुळणं पहिल्यांदा मांडलं, म्हणून ते त्याच्या नावाने ओळखलं जातं. आपल्या भाषेकडे त्यासाठी आधीपासून नुसता एक शब्द आहे, खरपूस, आणि तो उच्चारतानाच कानाला भाजल्याचा आवाज येतो.

पातेलं चांगलं तापलं की थोडं तेल आणि मग तुकडे, पण एका वेळी सात-आठच. चर्र असा आवाज होतो आणि तो तसाच चालू राहायला हवा. तो मंदावून बुडबुड सुरू झाली तर समजावं की गर्दी झाली, मांस भाजायच्या ऐवजी स्वतःच्या पाण्यात उकडतंय. पहिला अर्धा मिनिट तुकडा तळाला घट्ट धरून बसतो. चिमट्याने ओढला तर फाटतो. ओढायचा नाही. मी हात मागे घेऊन उभा राहतो आणि तुकड्याच्या कडेकडे बघतो. लाल कड आधी राखी होते, मग खालून वर एक तपकिरी रेघ चढायला लागते, तेल कडेने बारीक बारीक फुटतं, आणि तीनेक मिनिटांनी तोच तुकडा चिमटा लागताच अलगद सुटून येतो. खालची बाजू गडद बदामी, कडांना जवळजवळ चॉकलेटी. याच्या पुढे एक मिनिट गेलं की करपलं. खरपूस आणि करपलेलं यांतलं हे अंतर घड्याळात बघून कळत नाही, नाकाला कळतं.

मांस असं भाजल्याने आतला रस कोंडला जातो असं अजूनही जागोजागी सांगतात. हे एकोणिसाव्या शतकात युस्टुस फॉन लीबिग या जर्मन रसायनशास्त्रज्ञाने मांडलं होतं आणि ते चूक आहे. भाजलेल्या तुकड्यातूनही पाणी सुटतंच, पातेल्यात तो आवाज सतत येत असतो तो त्याचाच. भाजायचं ते चवीसाठी, आणि तळाला जी खरवड जमते तिच्यासाठी.

खरवड मला फार प्रिय आहे. मांस बाजूला काढलं की त्याच पातेल्यात उभा चिरलेला कांदा, गाजर, मीठ. कांद्याला पाणी सुटतं आणि लाकडी उलथन्याने तळ खरवडला की ती तपकिरी खपली विरघळून कांद्याला लागते. पातेलं आपोआप स्वच्छ होतं आणि कांदा विटकरी रंगाचा. मग टोमॅटोची पेस्ट, ती काळपट होईपर्यंत परतायची. मग मैदा. मैद्याबाबत माझं मत ठाम आहे. पुष्कळ जण मांसाचे तुकडे आधी मैद्यात घोळवून भाजतात. तसं केलं की भाजला जातो तो मैदा, मांस नाही. मैदा कांद्यावर भुरभुरावा, दोन मिनिटं परतावा, कच्चा वास गेला की गरम पाणी थोडं थोडं घालत ढवळावं. गुठळी होत नाही. मांस आणि त्याने ताटलीत सोडलेला रस परत आत, लसणाच्या चार पाकळ्या, थाईमच्या दोन काड्या, बे लीफचं एक पान, मिरी. पाणी मांसाच्या डोक्यापर्यंत यावं, डोक्यावरून जाऊ नये. झाकण लावून पावणेपाचच्या सुमारास पातेलं ओव्हनमध्ये. एकशे साठ अंश.

इथून पुढचे दोन तास मी काही करत नाही. पहिल्या काही रविवारी मात्र मला राहवत नव्हतं. तासाभराने झाकण काढून एक तुकडा चाखला तर तो आधीपेक्षाही चिवट. वाटलं, बिघडलं, जास्त शिजलं. खरं तर उलट होतं. मांस साठ-पासष्ट अंशांच्या पुढे गेलं की त्याचे तंतू आखडतात, आतलं पाणी पिळून काढतात, आणि कोलॅजेनने अजून वितळायला नुकतीच सुरुवात केलेली असते. त्या वेळेला मांस सगळ्यात वातड असतं. नेमकं तेव्हाच घाबरून ओव्हन बंद करणारे लोक मी पाहिले आहेत. आणखी तासभर राहू दिलं की तंतूंच्या मधले पडदे विरघळतात आणि तुकडा काट्याच्या टेकण्याने उलगडतो. ज्यांना बीफ घरी कधीच मऊ होत नाही अशी तक्रार आहे, त्यांतल्या बऱ्याच जणांनी ते याच टप्प्यावर काढलेलं असतं.

झाकणाच्या आत रटरट नको. रसावर अधूनमधून एखादा बुडबुडा आळसावून फुटावा, इतकंच.

हे रिकामे दोन तास या पदार्थाच्या हाडामासात आहेत. फ्रान्सच्या आल्सास भागात बेकेओफ नावाचा एक पदार्थ करतात. गोमांस, डुकराचं मांस आणि मेंढीचं मांस रात्रभर पांढऱ्या वाइनमध्ये ठेवायचं, मातीच्या भांड्यात बटाटे आणि कांद्याबरोबर थर लावायचे, आणि झाकणाची फट कणकेच्या दोरीने बंद करायची. नावाचा अर्थच बेकरीवाल्याचा ओव्हन. असं सांगतात की सोमवार हा कपडे धुवायचा दिवस, बायकांना चुलीपाशी बसायला फुरसत नसे, म्हणून त्या भांडं बेकरीवाल्याकडे सोडून जात. पाव भाजून झालेल्या भट्टीच्या उरलेल्या उष्णतेवर ते शिजत राही. पूर्व युरोपातल्या ज्यू घरांत शब्बाथला, म्हणजे शनिवारच्या विश्रांतीच्या दिवशी, चूल पेटवायची नाही, म्हणून शुक्रवारी सूर्य मावळायच्या आत बीफ, बटाटे, जव आणि घेवड्याचे दाणे घातलेलं चोलंटचं भांडं मंद उष्णतेवर ठेवत आणि ते शनिवारी दुपारी उघडत. इंग्लंडमधल्या लँकशायरच्या हॉटपॉटला तर वर बटाट्याच्या चकत्यांचंच छप्पर असतं, खाली बहुधा मेंढीचं मांस. हे सगळं वाचताना मला दरवेळी त्या भांड्यांच्या मालकिणी दिसतात. भांडं आत आहे, आणि त्या दुसरीकडे कुठेतरी आहेत. हातात दुसरं काम असेल, पण निदान चुलीपाशी उभ्या नाहीत. हा पदार्थ त्यांच्या गैरहजेरीत शिजण्यासाठीच जन्माला आला.

आणि बटाटा? तो तर या जोडीत फार उशिरा आला. दक्षिण अमेरिकेत, अँडीज पर्वतात, टिटिकाका सरोवराच्या आसपास लोकांनी तो काही हजार वर्षांपूर्वी माणसाळवला. स्पॅनिश लोकांबरोबर युरोपात पोहोचला तो सोळाव्या शतकात, आणि तिथे त्याला दोनेकशे वर्षं संशयाने वागवलं गेलं. फ्रान्समध्ये तो जनावरांचं खाद्य समजत. आंत्वान ऑग्युस्तँ पार्मांतिए हा औषधशास्त्राचा जाणकार, जन्म १७३७ चा, सात वर्षांच्या युद्धात प्रशियाच्या कैदेत सापडला आणि तिथे त्याला बटाटेच खायला मिळाले. तो जिवंत आणि धडधाकट परत आला, आणि उरलेलं आयुष्य त्याने आपल्या देशाला बटाटा खायला लावण्यात घालवलं. १७७२ मध्ये पॅरिसच्या वैद्यकीय विद्याशाखेने बटाटा खाण्यायोग्य असल्याचं मान्य केलं. बारीक केलेलं शिजलेलं बीफ आणि वर कुस्करलेल्या बटाट्याचा थर असा जो फ्रेंच पदार्थ आहे, त्याला आजही त्याचंच नाव आहे, आशी पार्मांतिए. पॅरिसच्या पेर लाशेझ दफनभूमीत त्याच्या थडग्यावर लोक फुलांऐवजी बटाटे ठेवून जातात. मला ही गोष्ट फार आवडते. आपण ज्याच्यामुळे जेवलो त्याच्या उशाशी ते अन्नच ठेवायचं.

मी कुस्करलेला बटाटा घालत नाही. खिमा असेल तर कुस्करलेलाच शोभतो, इंग्रजांचा कॉटेज पाय त्याच घडणीचा. पण खाली मांसाचे मोठे तुकडे असतील तर वर चकत्या हव्यात. चकत्यांना कडा असतात आणि कडा भाजल्या जातात.

पावणेसातला पातेलं बाहेर येतं. मी सगळं चिनी मातीच्या एका मोठ्या चौकोनी भांड्यात ओततो, रसावरची जास्तीची चरबी पळीने काढतो, चव बघून मीठ घालतो. बटाटे पिठूळ जातीचे घ्यायचे, उकडल्यावर भुरभुरीत होणारे. मेणचट बटाटा रसात आख्खा राहतो खरा, पण वर ठेवला तर त्याला तो कुरकुरीतपणा येत नाही. बटाटे फ्रिजमध्ये ठेवलेले नसावेत. थंडीत त्यांच्या पिठाची साखर होते आणि मग चकती शिजायच्या आत काळी पडते. हिरवट झालेला बटाटा मी टाकून देतो, त्यात सोलॅनीन वाढलेलं असतं आणि ते शिजवून जात नाही.

चकत्या तीन मिलिमीटरच्या. कापणं माझं, मांडणं मुलीचं. ती नऊ वर्षांची आहे आणि हे काम तिने कुणाला दिलेलं नाही. कापलेल्या चकत्या आम्ही पाण्यात टाकत नाही. अंगावरचं पीठ धुऊन गेलं तर थर एकमेकांना धरत नाहीत. एका वाडग्यात वितळलेलं लोणी, मीठ, मिरी, त्यात चकत्या हाताने घोळवायच्या. मग ती कडेपासून सुरुवात करते, प्रत्येक चकती आधीच्या चकतीवर अर्धी चढवते, माशाच्या खवल्यांसारखी. जीभ दातात धरून. एखादी चकती लहान निघाली की ती बाजूला ठेवते आणि मध्यभागी फूल करते. रस खालून एखाद्या फटीतून वर येतो आणि त्या जागी चकतीची कड तपकिरी होते. तिने तिथे बोट लावलं, चाटलं, आणि माझ्याकडे न बघता म्हणाली, "बाबा, मीठ बरोबर आहे."

वर फॉइल लावून चाळीस मिनिटं, म्हणजे खालच्या वाफेवर बटाटा शिजतो. मग फॉइल काढून, आच दोनशेवर नेऊन पंचवीस मिनिटं. हे शेवटचे पंचवीस मिनिट घरातलं कुणी लांब जात नाही. लोण्याचा आणि भाजलेल्या बटाट्याचा वास खोल्याखोल्यांतून फिरतो. मुलगा, जो पंधराचा आहे आणि एरवी तीन हाका मारल्याशिवाय येत नाही, न बोलावता येऊन ओव्हनच्या काचेतून वाकून बघतो. कडेकडेने रस उसळत असतो आणि भांड्याच्या काठावर काळसर चिकट कड धरत असतो.

भांडं काढल्यावर दहा-बारा मिनिटं तसंच ठेवायचं. यात तडजोड नाही. लगेच वाढलं तर रस पाण्यासारखा पळतो आणि जीभ पोळते. थोडं निवलं की पीठ आणि जिलेटिन रसाला धरतात, आणि तो सरसरीत होऊन चमच्यावर थांबतो. उरलं तर, आणि मी मुद्दाम थोडं उरवतो, दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये जातं. दुसऱ्या दिवशी झाकण काढलं की रस खरवसासारखा थरथरतो. ते जिलेटिन. मुरलेली चव पहिल्या दिवशीच्या चवीपेक्षा खोल असते. वरचा बटाटा मात्र मऊ पडलेला असतो, त्याला परत ओव्हनच दाखवावा लागतो, आणि आतपर्यंत वाफाळेल इतकं गरम करावं लागतं. तीन दिवसांच्या आत संपवावं. फ्रीझरमध्ये नुसतं मांस आणि रस छान टिकतो, बटाटा नाही. तो वितळल्यावर रवाळ आणि पाणचट होतो.

सुरुवातीला आई मानायला तयार नव्हती. भांडं टेबलावर आलं, सगळे बसले, तरी ती खुर्चीच्या कडेवर. हात टेबलावर टेकलेले, उठायच्या तयारीत. मीठ हवंय का, पाणी हवंय का, चमचा कमी पडतोय का. मी सगळं आधीच मांडून ठेवायला लागलो. पाणी, मीठ, जास्तीचे दोन चमचे, हात पुसायचा रुमाल. एकेका रविवारी तिचं एकेक कारण कमी होत गेलं. तिला काय वाटत असेल याचा विचार मी तेव्हा पुरेसा केला नाही, हे आता जाणवतं. ज्या माणसाने आयुष्यभर वाढलं, त्याला नुसतं बसायला सांगणं म्हणजे त्याचं काम काढून घेणं. एका रविवारी ती न जेवता बसून राहिली होती, आम्ही सगळे घास घेईपर्यंत. बायकोच्या ते लक्षात आलं. तिने डाव आईच्या हातात दिला आणि म्हणाली, "आई, तुम्ही वाढा. पण बसून."

तेव्हापासून डाव आईकडे असतो. भांडं तिच्यासमोर, पानं तिच्याकडे सरकतात, ती बसल्या बसल्या वाढते. चकत्यांच्या थराला डावाच्या कडेने आधी चीर पाडते, मग खालून मांस उचलते, आणि सगळं एकत्र पानात ठेवते, थर न मोडता. मला अजून तसं जमत नाही.

चौकोनी भांड्याला कोपरे चार आणि आम्ही माणसं पाच. कोपऱ्यात दोन्ही बाजूंनी भाजलेला बटाटा असतो, काठाला धरलेली खरवड असते, रस आटून घट्ट झालेला असतो. यावरून मुलांची भांडणं व्हायची, तेव्हा मुलीने फ्रिजवर कागद लावला. दर रविवारी एकाने कोपरा सोडायचा, नावं आळीपाळीने. आईने तिची सोडायची पाळी नसली तरी दर वेळी स्वतःचा कोपरा कुणाच्या ना कुणाच्या पानात टाकला. कधी नातवाच्या, कधी माझ्या. आम्ही नको म्हणायचो, आणि तोवर तो पानात पडलेला असायचा.

गेल्या रविवारी सोडायची पाळी माझी होती. आईने मुलांना वाढलं, बायकोला वाढलं, मला मधला भाग दिला. एक कोपरा भांड्यात राहिला होता, चांगला गडद, काठाला चिकटलेला. तिने डाव उचलला, मुलाकडे पाहिलं. तो पान पुढे करायच्या बेतात होता. तिने मान वळवून फ्रिजवरचा कागद लांबून वाचला, चष्मा नसल्याने डोळे बारीक करून.

"हा माझा आहे ना?" तिने विचारलं.

"हो आजी," मुलगी म्हणाली.

आईने डावाच्या कडेने काठ खरवडला, तळापर्यंत, आणि तो कोपरा आपल्या पानात घेतला.